तडजोड पुरसीस: व्यापारी दावा कोर्टात आपसात मिटवताना कागद कसा करावा

बिलांच्या थकबाकीचा दावा दोन-तीन वर्षं चालला की वादी आणि प्रतिवादी दोघांचीही जिरलेली असते. वादीला पैसे हवे असतात, प्रतिवादीला तारखांपासून सुटका. एका दुपारी कोर्टाच्या कँटीनमध्ये आकडा ठरतो, हस्तांदोलन होतं आणि मग वकिलांना सांगितलं जातं, "साहेब, आमचं मिटलंय, तेवढा कागद करून टाका." गोंधळ सुरू होतो तो इथूनच. आकडा ठरवायला दोन वर्षं लागली, कागदाला मात्र कुणी दोन तासही देत नाही. हप्ता थकला की सगळं त्या कागदावरच ठरतं. म्हणून तो दरखास्तीच्या, म्हणजे वसुलीसाठी कोर्टात केलेल्या अंमलबजावणीच्या अर्जाच्या, दिवशी कसा वाचला जाईल हे डोक्यात ठेवून लिहायचा.

इथे महाराष्ट्रातल्या दिवाणी आणि व्यापारी न्यायालयांतली पद्धत सांगितली आहे. मुंबई उच्च न्यायालयात याच कागदाला 'कन्सेंट टर्म्स' म्हणतात, जिल्ह्या-तालुक्याच्या कोर्टात 'तडजोड पुरसीस' (पुरसीस म्हणजे पक्षकारांनी सही करून कोर्टात दिलेलं लेखी निवेदन). पाया एकच: दिवाणी प्रक्रिया संहिता १९०८, ऑर्डर २३ रूल ३ (पुढे येणारे ऑर्डर-रूल याच संहितेतले).

दावा अजून दाखलच झाला नसेल तर

व्यापारी स्वरूपाचा वाद आणि मागणी ३ लाख रुपये किंवा त्याहून जास्त असेल तर व्यापारी न्यायालये कायदा २०१५ लागू होतो. त्याच्या कलम १२-अ प्रमाणे दाव्याआधी मध्यस्थीला जावंच लागतं. तातडीचा मनाई हुकूम वगैरे मागायचा असेल तरच सूट. २०२२ साली सर्वोच्च न्यायालयाने ही पायरी सक्तीची असल्याचं स्पष्ट केलं. ती टाळून लावलेला दावा दारातूनच परत जातो. अर्ज जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे करायचा. मध्यस्थीला ३ महिने मिळतात, दोघांची संमती असेल तर आणखी २. हा काळ मुदतीच्या हिशेबातून वगळला जातो. तिथे समझोता होऊन सह्या झाल्या तर त्याला लवादाच्या निवाड्याइतकं वजन येतं आणि दावा लावायची गरज राहत नाही. बरेच जण ही पायरी नुसती उरकतात. खरं तर वकील फी आणि कोर्ट फी अजून गेलेली नसते, तेव्हाच माणूस थोडं सोडायला तयार असतो.

दावा चालू असेल तर बाहेर पडायच्या वाटा

वाट तीन प्रकारची आहे आणि तिघींत जमीन-अस्मानाचा फरक आहे.

पहिली, दावा काढून घेणे. "बाहेर मिटलं, दावा चालवायचा नाही" अशी एका ओळीची पुरसीस. पैसे पूर्ण हातात पडले असतील तरच ही वाट धरावी. पैसे यायचे बाकी असताना असा दावा काढून घेतला तर हुकूमनामा (कोर्टाचा अंमलात आणता येणारा निर्णय) निघत नाही, म्हणजे वसुलीला हत्यारच उरत नाही. नव्याने दावा लावण्याची परवानगी कोर्टाकडून घेतलेली नसेल तर त्याच कारणावर दुसरा दावाही चालत नाही. पुढच्या तारखेचे चेक घेऊन दावा काढून घेणारा वादी हा या सगळ्या प्रकारातला सर्वात मोठा तोटेवाला.

दुसरी, तडजोड पुरसीस दाखल करून तिच्याप्रमाणे हुकूमनामा घेणे. बहुतेक व्यापारी वादांना हीच योग्य, आणि पुढचं बरंचसं लिखाण तिच्याबद्दलच आहे.

तिसरी, लोकअदालत. विधी सेवा प्राधिकरण कायदा १९८७ च्या कलम २१ प्रमाणे लोकअदालतीचा निवाडा दिवाणी हुकूमनाम्यासारखाच अंमलात येतो, त्यावर अपील नाही, आणि भरलेली कोर्ट फी परत मिळते. रक्कम मोठी असेल तर कोर्ट फीचा आकडाही मोठा असतो, त्यामुळे तडजोड ठरलेलीच असेल आणि राष्ट्रीय लोकअदालतीची तारीख जवळ असेल तर प्रकरण तिथे ठेवून घेणं शहाणपणाचं. लोकअदालतीबाहेर तडजोड झाली तर महाराष्ट्र कोर्ट फी कायद्याच्या कलम ४३ खाली, पुरावा नोंदवायला सुरुवात होण्याआधी मिटलं असेल तर, निम्मी फी परत मागता येते. म्हणजे सरतपास (साक्षीदाराची पहिली तपासणी) सुरू होण्याआधीचा आठवडा आणि नंतरचा आठवडा यांत खरोखर पैशाचा फरक आहे. एक काळजी घ्यायची: लोकअदालतीत दिवसभरात ढीगभर प्रकरणं असतात, छापील नमुन्यात दोन ओळी भरून सह्या घेतल्या जातात. अटी घरूनच टाइप करून न्या आणि त्या निवाड्याचा भाग म्हणून जोडा.

आकड्याआधी दोन गोष्टी

खातेउतारा जुळवून घ्या. दोघांच्या लेजरमधली बाकी क्वचितच सारखी असते. परत आलेला माल, न धरलेली डेबिट नोट, तोंडी कबूल केलेली सूट, कापलेला टीडीएस, असं काहीतरी मध्ये असतंच. ही यादी दोन्हीकडच्या हिशेबनिसांनी बसून करावी, मालकांनी नव्हे. मालक बसले की जुनी भांडणं निघतात.

मग सही करणाऱ्याचा अधिकार बघा. इथे चुकलं तर पुढचं सगळं वाया. भागीदारी संस्था असेल तर भागीदारी कायदा १९३२ चं कलम १९(२) वाचा: फर्मचा दावा तडजोडीने सोडणे, दावा काढून घेणे, फर्मविरुद्धच्या दाव्यात देणं कबूल करणे, हे अधिकार एकट्या भागीदाराला आपोआप नसतात. म्हणून सगळ्या भागीदारांच्या सह्या घ्या, किंवा बाकीच्यांचं लेखी अधिकारपत्र जोडा. कंपनी असेल तर संचालक मंडळाचा ठराव हवा, आणि त्यात 'दावा चालवणे' इतकंच न लिहिता 'तडजोड करणे व तडजोडीवर सही करणे' असे स्पष्ट शब्द हवेत. जुना, दावा लावतानाचा ठराव बहुधा पुरत नाही. मुखत्यारपत्रावर येणाऱ्याचंही तसंच. प्रोप्रायटर वारला असेल आणि वारसांत अज्ञान (कायद्याने सज्ञान न झालेलं) मूल असेल तर ऑर्डर ३२ रूल ७ प्रमाणे कोर्टाची परवानगी आधी घ्यावी लागते. ती नसेल तर ते मूल पुढे तडजोड उलथवू शकतं.

वकिलाने सही केली म्हणजे भागलं, असं धरून चालू नका. वकीलपत्रात तडजोडीचा अधिकार लिहिलेला असला तरी पक्षकाराची स्वतःची सही आणि हजेरी घ्याच. "मला न विचारता वकिलाने केलं" हा नंतरचा सर्वात लोकप्रिय आक्षेप आहे.

अटी कशा लिहायच्या

एक उदाहरण धरू. इचलकरंजीचा सूतविक्रेता वादी, यंत्रमागधारक प्रतिवादी. बिलांचं मुद्दल ८,४०,००० रुपये. बिलावर छापलेल्या १८ टक्क्यांनी दोन वर्षांचं सरळ व्याज ३,०२,४००. एकूण ११,४२,४००. ठरलं ९,६०,००० वर: त्याच दिवशी २,४०,००० चा डिमांड ड्राफ्ट, उरलेले ७,२०,००० दरमहा १,२०,००० प्रमाणे ६ हप्त्यांत.

नवखा लेखक लिहितो: "प्रतिवादी ९,६०,००० रुपये देतील. न दिल्यास ११,४२,४०० रुपये द्यावे लागतील." दिसायला ठीक. पण दरखास्तीत प्रतिवादीचा वकील उभा राहतो आणि म्हणतो की ही वरची रक्कम म्हणजे दंड आहे, करार कायद्याच्या कलम ७४ खाली ती वाजवीपुरतीच मिळू शकते. मग त्यावर वर्षभर युक्तिवाद. तोच व्यवहार उलट्या टोकाने लिहायचा:

"१. दाव्यासोबतच्या परिशिष्ट 'अ' मधील बिलांपोटी मुद्दल ८,४०,००० रुपये व आजअखेरचे व्याज ३,०२,४०० रुपये मिळून ११,४२,४०० रुपये वादीस देणे असल्याचे प्रतिवादी मान्य व कबूल करतात.

२. प्रतिवादींनी खालील तक्त्यातील रकमा त्या त्या तारखेस वादीच्या खात्यात जमा केल्यास वादी ९,६०,००० रुपये ही पूर्ण फेड समजून स्वीकारतील व बाकी १,८२,४०० रुपयांची सूट देतील.

३. कोणताही हप्ता नियत तारखेपासून १० दिवसांत जमा न झाल्यास सदर सूट कोणत्याही नोटिशीविना रद्द होईल. कलम १ मधील रकमेतून तोवर जमा झालेल्या रकमा वजा जाता उरलेली सर्व रक्कम, हप्ता थकल्याच्या तारखेपासून द.सा.द.शे. १२ दराने व्याजासह, एकरकमी वसूल करण्यास वादी दरखास्त दाखल करतील."

आता देणं मूळचंच ११,४२,४०० आहे आणि वेळेवर देणाऱ्याला सवलत आहे. सवलत गेली तर मूळ देणं उरतं, दंडाचा प्रश्न येत नाही. आकडे तेच असले तरी दरखास्तीत भांडायला फट उरत नाही.

तक्त्यात तारखा छापा. "दर महिन्याला" असं लिहिलं की पहिला महिना कुठला यावरून वाद होतो. खात्याचा नंबर आणि आयएफएस कोड लिहा. भरणा आरटीजीएस किंवा एनईएफटीनेच, असं नमूद करा. रोख ठेवूच नका: २ लाख रुपये किंवा त्याहून जास्त रोख स्वीकारायला आयकर कायद्याची बंदी आहे, आणि रोख दिल्याचा पुरावा दरखास्तीत उभा राहत नाही. आलेली रक्कम आधी मुद्दलात वळती होणार की व्याजात, हेही एका ओळीत लिहा.

जामीनदार घ्यायचा असेल तर नुसती साक्षीदारासारखी सही घेऊन उपयोग नाही. तडजोडीचा हुकूमनामा दाव्यातल्या पक्षकारांपुरता होतो. म्हणून जामीनदाराला पक्षकार म्हणून सामील करा, किंवा संहितेच्या कलम १४५ खाली त्याच्याकडून हुकूमनाम्याच्या फेडीची लेखी हमी कोर्टात द्यायला लावा. मग त्याच दरखास्तीत त्याच्या मिळकतीवरही जाता येतं. कर्जबाजारी फर्मकडून हप्ते घेताना फर्मच्या सहीपेक्षा या एका परिच्छेदाची किंमत जास्त असते.

विसरल्या जाणाऱ्या गोष्टी नेहमीच्याच आहेत. प्रतिवादीने प्रतिदावा लावला असेल तर तोही निकाली निघाल्याचं लिहा, कारण मूळ दावा संपला तरी प्रतिदावा स्वतःच्या पायावर चालू राहतो. अंतरिम जप्ती किंवा मनाई हुकूम असेल तर तो कुठल्या तारखेला उठणार ते लिहा. वादीने तो शेवटच्या हप्त्यापर्यंत टिकवायचा प्रयत्न करावा, प्रतिवादी पहिल्याच दिवशी उठवा म्हणेल, आणि मधला मार्ग बहुधा निम्म्या रकमेवर निघतो. कोर्टात जमा रक्कम असेल तर ती, तिच्यावर साठलेल्या व्याजासह, कुणी उचलायची तेही हवं. बँक गॅरंटी परत कधी द्यायची? खर्च ज्याचा त्याने सोसायचा का? या ओळी नसतील तर प्रत्येकासाठी नवा अर्ज आणि नवी तारीख.

"यापुढे उभयतांत कोणतेही देणेघेणे राहिले नाही" हे वाक्य सवयीने टाकू नका. धंदा पुढे चालू असेल, दुसरी बिलं उघडी असतील किंवा मालाच्या हमीची मुदत संपलेली नसेल, तर या एका वाक्याने ते सगळं धुऊन जातं. "परिशिष्ट 'अ' मधील बिलांपुरते" एवढं जोडलं की पुरे.

चेकच्या केसेस

थकबाकीच्या दाव्याबरोबर फौजदारी कोर्टात चेक न वटल्याबद्दल परक्राम्य संलेख कायद्याच्या (निगोशिएबल इन्स्ट्रुमेंट्स ॲक्ट) कलम १३८ ची तक्रार बहुधा असतेच. ती कधी मिटवायची हे तडजोडीत स्वच्छ लिहायला हवं. पहिला ड्राफ्ट हाती पडल्यावर, की शेवटचा हप्ता जमा झाल्यावर? वादीला दुसरं सोयीचं. मात्र दोन्ही घोडी एकाच वेळी पळवता येत नाहीत. तडजोडीपोटी नवे चेक घेतले आणि ते न वटले तर त्यांची नवी केस होऊ शकते, पण जुन्या चेकची आणि नव्या चेकची अशा दोन केसेस एकाच देण्यासाठी चालवता येत नाहीत, असा सर्वोच्च न्यायालयाचा २०२१ चा निर्णय आहे. नवा चेक परत आला तर बँकेचा मेमो मिळाल्यापासून ३० दिवसांत नोटीस, नोटीस पोचल्यापासून १५ दिवस पैसे द्यायला, आणि त्यानंतर एक महिना तक्रारीला. कोर्टात हुकूमनामा आहे म्हणून ही मुदत थांबत नाही.

करांचा भाग

वादीने सूट दिली म्हणजे बिलातला जीएसटी आपोआप परत येत नाही. क्रेडिट नोटवर (बिलाची रक्कम कमी केल्याच्या चिठ्ठीवर) कर कमी करून घ्यायचा तर ज्या आर्थिक वर्षात माल दिला त्याच्या पुढच्या ३० नोव्हेंबरच्या आत ती दाखवावी लागते. शिवाय बुडीत रक्कम सोडून देणं म्हणजे मालाची किंमत कमी करणं नव्हे. जुन्या बिलांवर तर मुदत केव्हाच गेलेली असते. त्यामुळे वादीने आकडा ठरवताना भरलेला जीएसटी गेला असं धरूनच हिशेब करावा. प्रतिवादीने १८० दिवसांत पैसे न दिल्यामुळे इनपुट क्रेडिट (खरेदीवरच्या जीएसटीची वजावट) उलटवलं असेल तर हप्ते भरतील तसं ते पुन्हा घेता येतं, आणि वाटाघाटीत वादीच्या बाजूने हा मुद्दा उपयोगी पडतो. व्याजावर टीडीएस कापणार का, हे तडजोडीत लिहिलेलं बरं. नाहीतर पहिलाच हप्ता कापून येतो आणि वादी म्हणतो हप्ता थकला.

भागीदार वेगळे होताना गाळा किंवा गोदाम वाटून घेत असतील तर हुकूमनाम्यावर मुद्रांक शुल्काचा प्रश्न येतो. तडजोडीत घातलेली मिळकत मूळ दाव्याचा विषय नसेल तर नोंदणी कायद्याच्या कलम १७ खाली दस्त नोंदवावाही लागतो. सीटीएस (सिटी सर्व्हे) नंबर, क्षेत्रफळ, चतुःसीमा पूर्ण लिहा. "बाजारपेठेतला गाळा" अशा वर्णनावर सबरजिस्ट्रार काहीच करू शकत नाही.

कोर्टात दाखल करण्याचा दिवस

पुढची तारीख लांब असेल तर तोवर थांबू नका. माणसाचं मन आणि बँकेतली शिल्लक दोन्ही बदलतात. 'दावा आज बोर्डावर (आजच्या कामाच्या यादीत) घ्यावा' असा अर्ज आणि तडजोड पुरसीस एकत्र द्या. सोबत दोन्ही बाजूंचे ओळखपत्र, अधिकारपत्र किंवा ठरावाची प्रत आणि पहिल्या रकमेचा ड्राफ्ट. प्रत्येक पानावर सगळ्यांच्या सह्या, खाडाखोडीजवळ आद्याक्षरं, कंपनी किंवा फर्मच्या सहीखाली नाव, हुद्दा आणि शिक्का. वकिलांनी आपापल्या पक्षकाराला ओळखत असल्याची सही करायची.

न्यायाधीश दोघांना विचारतात: मजकूर वाचला का, समजला का, मर्जीने सही केली का. कुणी चाचरलं की पुरसीस तिथेच अडते, आणि अडवावीच. म्हणून पक्षकाराला आदल्या दिवशी मराठीत सगळा मजकूर वाचून दाखवा, विशेषतः मसुदा इंग्रजीत असेल तर. पडताळणी झाली की पुरसिशीला निशाणी क्रमांक (फायलीतला कागदाचा नंबर) पडतो आणि रोजनाम्यात, म्हणजे कोर्टाच्या रोजच्या नोंदीत, नोंद होते.

आता आदेश काय होतो तिकडे कान ठेवा. "पक्षकारांनी तडजोड केल्याने दावा निकाली" एवढाच आदेश झाला तर अंमलात आणण्यासारखं हातात काही नाही. "निशाणी अमुकमधील अटींप्रमाणे हुकूमनामा करण्यात यावा व निशाणी हुकूमनाम्याचा भाग समजावी" असे शब्द हवेत. पुरसिशीच्या शेवटच्या विनंतीत हेच शब्द लिहिलेले असतील तर आदेशातही बहुधा तेच उतरतात. राहिलं असेल तर त्याच दिवशी नम्रपणे लक्षात आणून द्या. लगेच नकलेचा अर्ज टाका आणि कोर्ट फीच्या परताव्याचा अर्जही त्याच आठवड्यात करा.

संमतीच्या हुकूमनाम्यावर संहितेच्या कलम ९६(३) प्रमाणे अपील नाही, आणि तो रद्द करण्यासाठी वेगळा दावाही ऑर्डर २३ रूल ३-अ ने बंद आहे. फसवणूक किंवा बेकायदा तडजोड झाली असं कुणाला म्हणायचं असेल तर त्याच कोर्टाकडे अर्ज घेऊन जावं लागतं. म्हणून सहीआधी एक रात्र कागद उशाशी ठेवण्यात काही बिघडत नाही.

हप्ते सुरू झाल्यावर

ही जागा प्रतिवादीसाठी धोक्याची. ऑर्डर २१ रूल २ प्रमाणे कोर्टाबाहेर दिलेले पैसे कोर्टात नोंदवलेले नसतील तर दरखास्त चालवणारं कोर्ट ते हिशेबात धरत नाही. नोंद करून घ्यायची मूळ जबाबदारी वादीची आहे, पण त्याने नाही केली तर प्रतिवादीने स्वतः अर्ज करावा, आणि त्याला मुदत आहे पैसे दिल्यापासून फक्त ३० दिवस. सहा हप्ते इमानदारीने भरून पुरसीस एकही न दिलेला प्रतिवादी, वादी फिरला तर, बँकेचं स्टेटमेंट हातात घेऊन विनाकारण झगडत बसतो. प्रत्येक हप्त्याला दोन ओळींची संयुक्त पुरसीस द्या: अमुक तारखेला, अमुक यूटीआर (बँक व्यवहाराच्या) क्रमांकाने, अमुक रक्कम पोचली.

वादीच्या बाजूने: हप्ता थकला आणि १० दिवस उलटले की दरखास्त टाका. हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीला १२ वर्षं आहेत, आणि हप्त्यांच्या हुकूमनाम्यात ती ज्या तारखेला हप्ता थकला तिथून मोजतात. मुदत भरपूर आहे म्हणून बसून राहिलात तर यंत्रमाग विकले जातात, खाती रिकामी होतात. दरखास्तीसोबत ऑर्डर २१ रूल ४१ खाली प्रतिवादीच्या मालमत्तेचं प्रतिज्ञापत्र मागा. तडजोडीच्या वेळीच बँक खाती, गाळे आणि वाहनांची यादी पुरसिशीला जोडून घेतली असेल तर तेवढ्यावरच जप्तीचा अर्ज तयार होतो.

आणि शेवटचा हप्ता पोचला की 'हुकूमनामा पूर्ण फिटला' अशी संयुक्त पुरसीस, जप्ती उठल्याचा आदेश, मूळ बिलं आणि चेक परत घेण्याचा अर्ज, सगळं एकाच तारखेला उरकून घ्या. नक्कल प्रतिवादीने जपून ठेवावी, कारण पुढे बँकेत कर्जाचा अर्ज केला की कोर्टाच्या संकेतस्थळावर नाव टाकून दावा शोधणारा अधिकारी पहिल्यांदा तीच मागतो.